ताटकळबाईचं माप

सहाशे मुलांसमोर माइकवर काही जाहीर करण्याआधी माणसाने तीनदा खोल श्वास घ्यावा, असं वक्तृत्वाच्या बाई सांगतात. भोंग्याने एकदाच घेतला, आणि तोही जाहीर करून झाल्यावर.

भोंगा म्हणजे दहावी 'ब'मधली मुलगी. हे नाव तिला बाबांनी ठेवलं. ते कौतुकाने ठेवलं की वैतागाने, यावर घरात अजून एकमत नाही. त्या सकाळी परिपाठात तिला फक्त सुविचार वाचायचा होता. तो तिने वाचला. पण माइक हातात आलाच आहे आणि समोर सहाशे माणसं रांगेत उभी आहेत, अशी संधी रोज थोडीच येते? तेव्हा ती तशीच पुढे म्हणाली, "वळणावरचा उभा दगड रस्तारुंदीत काढणार आहेत. हा दगड इतिहासाच्या सरांच्या मते कमीत कमी तीन हजार वर्षांपूर्वीचा आहे. पंधरा दिवसांच्या आत मी त्याची प्राचीन वस्तू म्हणून सरकारी नोंद करून दाखवीन. नाही जमलं, तर पुन्हा या माइकला हात लावणार नाही."

शेवटचं वाक्य तिच्या मनातही नव्हतं. ते आपलं आपण बाहेर आलं. टाळ्या मात्र नेमक्या त्याच वाक्याला सर्वांत जास्त पडल्या, आणि सर्वांत जोरात त्या शिक्षकांच्या रांगेतून आल्या असं काही जणांचं म्हणणं आहे.

हा दगड म्हणजे ताटकळबाई. शहर संपतं तिथल्या वळणावर, बसथांब्याच्या मागे, शेताच्या बांधाला ती उभी आहे. दीड पुरुष उंच, खांद्याशी जराशी रुंद, मान किंचित रस्त्याकडे वळलेली. तिची हकिगत चहावाल्या मावशीकडून ऐकावी, कारण मावशीची टपरी तिच्या शेजारीच आहे आणि शेजारणीबद्दल शेजारणीइतकं कुणाला माहीत असणार?

"नवरा म्हणाला, थांब इथे, आलोच," मावशी कप विसळत सांगते. "आणि गेला. ही थांबली. थांबून थांबून दगड झाली, पण जागा सोडली नाही. तेव्हापासून ती कुणाला माप देत नाही."

"मापाचा काय संबंध?"

"एक शिंपी आला होता. म्हणाला, थंडीत उभी असतेस, तुला कपडा शिवतो. मापं घेतली आणि तोही गेला तो गेलाच. तेव्हापासून कुणी मोजायला आलं की दरवेळी वेगळा आकडा देते. मागे दोन इंजिनियर आले होते. दोघांचे दोन आकडे. आता एकमेकांशी बोलत नाहीत."

तर या ताटकळबाईच्या पोटावर रस्तेवाल्यांनी पिवळ्या रंगाने सतरा हा आकडा काढला होता. सोळा नंबर मैलाच्या दगडाला होता आणि अठरा मावशीच्या टपरीला. टपरीला चाकं होती, त्यामुळे मावशी निवांत होती.

आता भोंग्याला या दगडाचा एवढा पुळका का, हे कुणाला ठाऊक नव्हतं. दोन वर्षांपूर्वीपर्यंत तिच्या तोंडून वर्गात 'हजर' एवढा शब्दसुद्धा फुटत नसे. बाईंनी ती समोर बसलेली असताना तीनदा तिची गैरहजेरी लावली होती. मग ती शाळेच्या आधी वीस मिनिटं वळणावर उतरायला लागली, आणि दगडासमोर उभं राहून 'हजर' म्हणायला लागली. दगड मध्येच हसत नाही, 'जरा मोठ्याने' म्हणत नाही आणि घड्याळाकडे बघत नाही. 'हजर'वरून ती कवितेवर गेली, कवितेवरून भाषणावर, आणि पुढचं सगळ्या शाळेला ऐकू आलंच. एवढा धीटपणा कुठून आला असं कुणी विचारलं, की ती "आपोआप" असं सांगायची. सातवीच्या मुलींना ती हल्ली आत्मविश्वास या विषयावर मार्गदर्शन करत असे. मार्गदर्शन करणाऱ्या व्यक्तीने आपण एका दगडाकडे शिकायला होतो हे कसं सांगायचं?

अर्ज लिहायला ती शेजारच्या अर्जकाकांकडे गेली. अर्जकाका निवृत्त हेडक्लार्क. त्यांच्या हाताखालून चाळीस हजार अर्ज गेले असं ते सांगतात, आणि त्यातले किती मंजूर झाले ते सांगत नाहीत.

"आधी विषय," काका चष्मा पुसत म्हणाले. "विषय अर्ध्या ओळीत मावला पाहिजे. साहेब लोक विषयापुढे वाचत नाहीत."

"मग बाकीचा अर्ज कशाला लिहायचा?"

"विषयाला आधार म्हणून. लिही. विनंती की, सदर दगड."

"ती बाई आहे, काका."

"सरकारदरबारी दगडच. अर्जात भावना आल्या की तो परत येतो."

तीन प्रती झाल्या. चौथी काकांनी स्वतःच्या संग्रहासाठी ठेवून घेतली.

पुराणवस्तू कार्यालयातल्या खिडकीत एक बाई बसतात. त्या कधी रागावत नाहीत, आणि म्हणूनच लोक त्यांना घाबरतात. त्यांनी अर्ज वरून खाली वाचला आणि भोंग्याला वरून खाली पाहिलं.

"अर्जदार सज्ञान हवा."

"ती तीन हजार वर्षांची आहे."

"दगड नाही. तू."

म्हणून अर्जावर आईची सही घ्यायची ठरली. मग खिडकीबाईंनी एक छापील तक्ता पुढे सरकवला. त्यात वयाच्या रकान्यापाशी भोंगा अडखळली. 'पुरावा काय?' असं तिथे छापलेलं होतं.

"अंदाजे लिही," बाई म्हणाल्या. "वयाला अंदाजे चालतं. उंचीला चालत नाही. उंची दोन वेगवेगळ्या माणसांनी, वेगवेगळ्या दिवशी मोजायची. दोघांच्या आकड्यांत एक सेंटिमीटरपेक्षा जास्त फरक नको. फरक आला की पाहणी, आणि पाहणीत निकाल लागला नाही की अर्ज बाद."

भोंग्याला हसूच आलं. तिच्या घरात उंची मोजायची म्हणजे पाण्यात राहणाऱ्याला पोहून दाखव म्हणण्यासारखं होतं. आई शिवणकाम करते. समोरच्या खोलीत दोन मशीन, भिंतीवर कागदी बेतांचे गठ्ठे, आणि आईच्या गळ्यात कायम टेप. तीन शाळांचे गणवेश आणि अर्ध्या शहराचे कोट तिच्या हातचे, आणि वीस वर्षांत एकही माप चुकल्याची तक्रार नाही. बाबा पाणीखात्यात मीटर वाचतात. रोज शंभर घरांच्या मीटरांवरचे आकडे वहीत उतरवायचे, हे त्यांचं काम. आकड्यांच्या बाबतीत दोघांचाही शब्द शेवटचा, आणि एका घरात दोन शेवटचे शब्द असले की काय होतं, हे भोंग्याच्या लक्षात यायला अजून काही दिवस होते.

तिसऱ्या दिवशी आई वळणावर आली. मावशीकडून स्टूल घेतलं, दोन टेप टाचणीने जोडल्या, आणि स्टुलावर चढण्याआधी सवयीने ताटकळबाईला म्हणाली, "सरळ उभ्या राहा. श्वास सोडा."

उंची घेतली. मग तिचा हात काही थांबेना. खांदा घेतला, छाती घेतली, कंबर घेतली, आणि पाठीमागून मान ते कंबर घेताना म्हणाली, "डावा खांदा उतरता आहे. आत भरण द्यावं लागेल."

"आई, फक्त उंची हवी आहे."

"एकदा आलेय तर सगळी मापं घेऊन ठेवते. उद्या लागली तर?"

उंची दोनशे त्रेचाळीस. आईच्या वहीतून भोंग्याने ती तक्त्यात उतरवली.

पाचव्या दिवशी बाबा आले. खात्याची शिडी, खात्याची पोलादी टेप आणि खात्याचाच गंभीर चेहरा. त्यांनी दगडाभोवती एक फेरी मारली, गळती कुठे नाही ना ते पाहिलं, शिडी लावली आणि आकडा दिला. दोनशे तीस.

"बघितलंस?" मावशी कपावर कप ठेवत म्हणाली. तिच्या आवाजात दुःख अजिबात नव्हतं.

संध्याकाळी घरी दोन्ही वह्या जेवणाच्या टेबलावर आल्या. तेरा सेंटिमीटरचा फरक होता. कोटाला तेरा सेंटिमीटर म्हणजे तो दुसऱ्याच माणसाचा कोट.

"अहो, नीट मोजलंत का?" आईने विचारलं.

हे चार शब्द. पण बावीस वर्षं मीटर वाचणाऱ्या माणसाला ते विचारायचे नसतात.

"मी मोजत नाही," बाबा म्हणाले. "मी वाचतो. मोजणाऱ्याच्या हातून चूक होते."

"म्हणजे चूक माझी?"

"मी तसं म्हटलं नाही. आकडा म्हणतोय."

त्या दिवसापासून घरात भोंग्याला टपालाचं काम लागलं. "तुझ्या बाबांना सांग, कॉलर उसवली आहे, दुकानात टाका." "तुझ्या आईला सांग, दुकानातल्या कॉलरी मापात असतात." आईने टेपची आगगाडी जमिनीवर मांडून ती बरोबर आहे की नाही ते खोलीतल्या फरश्यांवर तपासलं. बाबा रोज संध्याकाळी घरचंच मीटर वाचून येत आणि समाधानाने मान हलवत.

खिडकीबाईंनी तक्ता पाहिला आणि शिक्का मारला. पाहणी, चौदाव्या दिवशी. रस्तेवाल्यांची क्रेन पंधराव्या दिवशी येणार होती. भोंगा रस्त्याच्या कामावरच्या ओव्हरसियरना भेटली. ते सज्जन होते.

"माझं दगडाशी वैर नाही," ते म्हणाले. "तो माझ्या नकाशात नाही, एवढंच. नकाशात नाही म्हणजे रस्त्यात आहे."

एवढ्यावर प्रकरण थांबलं असतं, पण अर्जकाकांना तटस्थपणाचा झटका आला. नवरा-बायकोत तिसऱ्याने पडू नये हे त्यांना मान्य होतं, पण आपण नवरा-बायकोत पडत नसून उंचीत पडत आहोत, असं त्यांनी स्पष्ट केलं. टेपवर त्यांचा विश्वास नव्हता. ते सावलीवरून मोजणार होते. काठीची सावली मोजायची, दगडाची सावली मोजायची, आणि काठीची उंची आपल्याला ठाऊक आहेच. हिशोब अगदी बिनचूक होता. आठव्या दिवशी सकाळी नऊ वाजता त्यांनी काठी रोवली, तिची सावली मोजली, आकडा लिहिला, तारीख घातली, सही केली. मग मावशीकडे चहा घेतला. चहावर बसस्टॉपवरच्या दोन ओळखीच्यांना अर्ज कसा लिहावा हे समजावून सांगितलं. साडेदहाला उठून दगडाची सावली मोजली. तोवर सूर्य आपल्या कामाला लागलेला होता आणि सावली बरीच आखूड झाली होती. काकांच्या गणिताने ताटकळबाईची उंची आली एकशे एकाहत्तर. म्हणजे बरोबर काकांएवढी.

"हे विश्वासार्ह वाटतं," काका म्हणाले.

दोनशे त्रेचाळीस, दोनशे तीस, एकशे एकाहत्तर. बातमी बसने गावभर पोचली. ताटकळबाई खचते आहे. या वेगाने पंधराव्या दिवशी ती पायपुसण्याएवढी होईल, मग क्रेन कशाला, झाडू पुरेल, असं दहावी 'अ'मध्ये बोललं जाऊ लागलं. दहावी 'अ'मध्ये असंच बोललं जातं. लोक मोजायला येऊ लागले. कुणी छत्रीने मोजलं, कुणी वितीने, एका गृहस्थांनी दरवर्षी मुलाची उंची दाराच्या चौकटीवर लिहितात तशी खडूने दगडावर रेघ ओढली आणि तारीख टाकली. प्रत्येकाचा आकडा वेगळा आला आणि प्रत्येक जण खूश होऊन मावशीकडे चहा प्यायला गेला.

"लाजते ती," मावशी सांगायची. "एवढे लोक बघतात म्हटल्यावर अंग चोरते." आणि दुसरं भांडं चढवायची.

शाळेत मुख्याध्यापिकांनी भोंग्याला बोलावून विचारलं, "परिपाठाला दुसरं कुणी तयार करायचं का?" अगदी प्रेमाने विचारलं. भोंग्याला ते प्रेम तीन दिवस टोचत राहिलं.

बाराव्या दिवशी तिने दोन्ही वह्या स्वतः उघडल्या. आईच्या वहीत तिने स्वतःचं माप शोधलं. उंची होती, आणि ती खरी होती त्याहून जास्त होती. हात लांब, गळा मोठा, कंबर तर भलतीच. ती वही घेऊन मशीनपाशी गेली.

"आई, ही मापं माझी नाहीत."

"तुझीच आहेत. सैल धरलंय."

"सगळ्यात?"

"हात आपोआप धरतो." आईने दोरा दातांनी तोडला. "अंगाबरोबर घेतलं की ते सालपट होतं, कपडा होत नाही. माणसाला वाकायचं असतं, बसायचं असतं."

"ताटकळबाईला वाकायचं नाहीये, आई."

"तुला काय माहीत?"

"किती सैल धरलंस तिला?"

"उंचीला पाच. कमी धरलं. ती उभीच असते म्हणून."

बाबांच्या वहीत आणखी मजा होती. सगळे आकडे शून्यावर संपत होते.

"दहाची खूण पूर्ण झाली तरच लिहायचं," बाबा म्हणाले. "एकक पूर्ण झाल्याशिवाय लिहायचं नसतं. वरचं असतं ते चालू असतं. ते पुढच्या वाचनात येतं."

"ताटकळबाईचं वरचं किती होतं?"

"आठ. पण ते लिहायचं नसतं."

दोनशे त्रेचाळीसातून पाच गेले, दोनशे अडतीस. दोनशे तिसात आठ आले, दोनशे अडतीस. भोंगा खुर्चीवर चढून ओरडणार होती, पण ओरडण्याआधी तिने दोन्ही पक्षांना हा आनंद कळवला आणि तिथेच तो संपला.

"सैल काढून सही? मी?" आई म्हणाली. "मग मला लोक शिंपी म्हणतील की कुंपण मोजणारी?"

"अर्धवट एकक आता लिहिलं," बाबा म्हणाले, "तर पुढच्या महिन्यात मी काय लिहू?"

तेराव्या दिवशी दोघांनी मिळून एकच गोष्ट केली. दोघांनीही सही करायला नकार दिला.

चौदाव्या दिवशी वळणावर निम्मी शाळा जमली. सातवीच्या मुली पहिल्या रांगेत होत्या. खिडकीबाई आल्या, पण खिडकीशिवाय त्यांना कुणी ओळखलं नाही. त्यांच्याबरोबर पाहणीचे साहेब होते. सडपातळ, हळू बोलणारे, बगलेत फाइल. ओव्हरसियरही नकाशाची गुंडाळी घेऊन आले होते. गाडीतून उतरताना साहेब फोनवर होते. "हो सर. नाही सर. माझंच चुकलं सर." फोन ठेवल्यावर त्यांनी थोडा वेळ फोनकडेच पाहिलं, आणि मग सगळ्यांकडे.

"तीन आकडे दिसतात," ते म्हणाले. "यातला खरा कुठला?"

"माझा," आई म्हणाली.

"माझा," बाबा म्हणाले.

"सूर्याचा," अर्जकाका म्हणाले.

भोंगा पुढे झाली. तिने भाषण पाठ केलं होतं. त्याला सुरुवात, मध्य आणि डोळ्यांत पाणी आणणारा शेवट होता. "सन्माननीय साहेब, काळाच्या उदरात..."

"भाषण नको," खिडकीबाई म्हणाल्या. "आकडा सांग."

"मी सांगते. दोघांचाही बरोबर आहे." मग तिने सैल आणि चालू, पाच आणि आठ, सगळं एका दमात सांगितलं. साहेबांनी आईकडे पाहिलं. आईने बाबांकडे पाहिलं नाही. बाबांनी शिडीकडे पाहिलं, कारण तीच एक त्यांच्या बाजूची होती.

"तर मग आत्ता मोजा," साहेब म्हणाले. "माझ्यासमोर."

आई स्टुलावर चढली. चौदा दिवसांत शंभर माणसं चढून गेलेलं ते स्टूल डावीकडे कललं, आणि काही कळायच्या आत बाबांनी ते धरलं. दोन्ही हातांनी. आता टेपचं खालचं टोक कोण धरणार? त्यांनी त्यावर पाय ठेवला.

"पाय काढा टेपवरून," वरून आई म्हणाली.

"पाय काढला तर टेप सुटेल."

"टेप मळेल."

"हात काढला तर तू सुटशील. काय काढू ते सांग."

आठ-नऊ दिवसांत दोघं मध्ये टपाल न ठेवता पहिल्यांदा बोलत होते. आई म्हणाली, "काही काढू नका. घट्ट धरा."

साहेबांनी स्वतः वाकून वाचलं. दोनशे अडतीस. मग अदलाबदल झाली. बाबा वर आणि आई खाली, तिने स्टूल एका हाताने आणि टेप दुसऱ्या हाताने धरली, कारण तिला पाय लावायचा नव्हता. दोनशे अडतीस.

"पण शेऱ्यात लिहा," आई म्हणाली, "की माप अंगाबरोबर आहे, सैल धरलेलं नाही. उद्या कुणी माझं नाव घेईल."

"आणि चालू एकक धरलेलं आहे," बाबा म्हणाले.

खिडकीबाईंनी दोन्ही शेरे न हसता लिहिले. अर्जकाकांचा सूर्य परिशिष्ट म्हणून जोडला. शिक्का काढला, शाईवर दाबला, आणि सवयीने तक्ता उलटून पाहिला.

"मागची बाजू कोरीच ठेवली आहे," त्या म्हणाल्या.

मागे काही आहे हे कुणालाच माहीत नव्हतं. अर्जकाकांनाही नाही, आणि हा धक्का ते अजून पचवत आहेत. मागे एकच प्रश्न होता. वस्तू सध्या वापरात आहे काय? असल्यास कोणाच्या आणि कशासाठी?

"नसेल तर?" भोंग्याने विचारलं.

"तर नोंद होते आणि वस्तू गोदामात जाते. सुरक्षित राहते. उद्या क्रेन येणारच आहे."

ओव्हरसियरनी मान डोलावली. त्यांना दोन्ही चालत होतं.

भोंग्याने मागे पाहिलं. निम्मी शाळा. दहावी 'अ'. पहिल्या रांगेत सातवीच्या मुली, ज्यांना तिने गेल्याच आठवड्यात सांगितलं होतं की आत्मविश्वास आतून येतो. तिने तोंड उघडलं आणि आवाज आला नाही. दोन वर्षांनी पहिल्यांदाच. बाईंनी गैरहजेरी लावली होती, तेव्हासारखंच.

"वापरात नाही असं लिहू?" खिडकीबाईंनी विचारलं.

"मी वापरते," भोंगा म्हणाली. फार हळू म्हणाली. मागून कुणीतरी 'जरा मोठ्याने' म्हणालं.

"मी वापरते. बोलायला." आता मागे फिरणं नव्हतंच. "मला वर्गात हजर म्हणता येत नव्हतं. माहीत आहे ना सगळ्यांना. मी रोज आधी इथे येऊन हिला हजर म्हणायचे. चार महिने तेवढंच. मग पुढचं. ते आपोआप आलेलं नाही. मी खोटं सांगत होते."

कुणी हसलं नाही. दहावी 'अ'सुद्धा नाही, आणि ही गोष्ट नोंद करून ठेवण्यासारखी आहे.

"मला ठाऊक होतं," मावशी म्हणाली. "दोन वर्षं ऐकतेय. तू बोलायला लागलीस की मी कप विसळायचं थांबवायचे. पाणीटंचाईवरचं भाषण चांगलं होतं. वृक्षतोडीचं जरा लांबलं."

खिडकीबाई लिहीत होत्या. "वापर, बोलण्यासाठी. वापरणारे, एक."

"दोन लिहा," बाबा म्हणाले.

आईने मान वळवली.

"लोक मीटरवरून वाटेल ते बोलतात," बाबा पोलादी टेपशी चाळा करत म्हणाले. "तोंडावर उत्तर देता येत नाही, खात्याचा माणूस म्हणून. मग परत येताना इथे थांबतो. हिला देतो उत्तर."

"रोज?"

"मंगळवारी नाही. मंगळवारी कार्यालयातच असतो."

"म्हणजे घरी येऊन गप्प बसता ते बोलून संपलेलं असतं म्हणून," आई म्हणाली. रागावली नव्हती. मग म्हणाली, "आणा ती कॉलर आज. दुकानात नका टाकू."

मग मागून एक हात वर आला. बसच्या कंडक्टरचा. मग शेतवाल्या आजींचा. दहावी 'अ'मधल्या एका मुलीचाही, आणि तिने तो चटकन खालीही घेतला, पण खिडकीबाईंच्या नजरेतून काही सुटत नाही. रकाना भरला. पुरवणी जोडावी लागली. पुरवणीला विषय लागतो, आणि तो अर्ध्या ओळीत अर्जकाकांनी सांगितला. त्यांचा चेहरा पुन्हा फुलला.

"मोठा वापर दिसतो," साहेब म्हणाले आणि सही केली. "वस्तू जागेवर राहील."

ओव्हरसियरनी नकाशा बॉनेटवर पसरला, पेन्सिलने एक छोटा ठिपका काढला आणि रस्त्याची रेघ त्याच्या अंगावरून हातभर बाजूला सरकवली. "तसंही वळणच आहे," ते म्हणाले. "आणखी थोडं वळेल."

सातवीच्या मुलींनी भोंग्याला घेरलं. तिला वाटलं आता विचारतील, खोटं का सांगितलंस. पण सर्वांत बुटकी पुढे आली आणि म्हणाली, "ताई, किती वाजता रिकामी असते ही?"

गर्दी पांगली. आई-बाबा शिडीची दोन टोकं धरून निघाले, आणि शिडी कुणाच्या बाजूने वळवायची यावर बोलत होते. खिडकीबाई गाडीत बसल्या. साहेब मात्र तिथेच फाइल चाळत उभे होते.

"साहेब, येताय ना?"

"तुम्ही बसा. मी एकदा मागची बाजू बघून येतो."

भोंगा शिडीमागून चालत होती. बांधावरून तिने वळून पाहिलं. साहेब ताटकळबाईसमोर उभे होते. आधी अगदी अदबीने, हात मागे बांधून. मग त्यांनी फाइल खाली गवतावर ठेवली, शर्टाच्या बाह्या सरसावल्या, आणि बोट नाचवत, भरपूर मोठ्याने, "हे पाहा सर," म्हणून सुरुवात केली.